नेरिनामावशीचं एक वाक्य

मावशी, न्यूनेनला जाऊन आलो. एकटाच. दोन तिकिटं होती, एका खुर्चीवर मी बसलो, दुसरीवर माझं जॅकेट. काय ऐकलं ते सांगतो, त्याच्यासाठीच हे सगळं चाललंय. पण लगेच नाही. माझी गोष्ट सरळ जात नाही हे तुला माहीत आहे. तू म्हणायचीस, बालूला बटाटे आणायला पाठवलं तर तो आधी बटाट्याच्या आजोबांची चौकशी करतो.

मला लिहिता येत नाही. सही येते, पण ती दर वेळी वेगळी येते. चौथीत दोनदा बसलो, दुसऱ्यांदा मास्तरच कंटाळून बदली घेऊन गेले. म्हणून मी बोलतोय आणि उइटहॉर्नच्या सुजाताताई टाइप करतायत. त्या पुण्याच्या, आयटीतल्या, त्यामुळे मी काही बोललो की त्यांचं बोट जरा अडखळतं. मी म्हटलं, ताई, शुद्ध करायला जाऊ नका, मावशी ओळखायची नाही. इथल्या मराठी मंडळाच्या अंकात छापणार आहेत म्हणे. त्या वाचणाऱ्यांना तू कोण ते थोडं सांगतो. तू तोवर कॉफी घे.

तर ही नेरिना, इटलीची. डोंगरातल्या कुठल्या तरी गावची. इथे नेदरलँड्समध्ये, बाडहूव्हडॉर्पला हिचं घर, विमानतळाच्या इतकं जवळ की विमान उतरताना खिडकीतल्या माणसाचं टक्कल दिसावं. वरची खोली तिनं मला भाड्यानं दिली होती. मी आम्स्टेलवेनच्या एका इंडियन हॉटेलात तंदूरवर. माझ्या अगोदर तिनं दोन शिकलेल्या पोरांना नाही म्हटलं होतं. मी विचारलं, मलाच का? म्हणालीस, ते दोघं सोफ्यावर बसले आणि तू उभ्या उभ्या माझ्या सिंकमधली भांडी घासलीस. मी काय करणार मावशी, इंटरव्ह्यूत हातांचं काय करायचं असतं तेच मला माहीत नव्हतं.

आपण डच बोलायचो. डच लोकांनी ते ऐकलं असतं तर आपल्या दोघांना देशाबाहेर काढलं असतं. तुला इथे पन्नास वर्षं झालेली आणि मला चार, तरी दोघांची गाडी एकाच खड्ड्यात. बाकीचं हातानं. मावशी म्हणजे आईची बहीण हे समजावताना मी माझं पोट दाखवलं, मग शेजारी हवेत दुसरं पोट दाखवलं. तुला वाटलं मला दोनदा भूक लागली आहे. तू दोन ताटं वाढलीस. मी दोन्ही संपवली, आणि तेव्हापासून तू मावशी.

दुपारी तीनला मी सायकलवरून परत यायचो. दुपारचं गिऱ्हाईक संपलेलं, संध्याकाळचं सुरू व्हायचं. मधले दोन तास तुझ्या स्वयंपाकघरात. त्या तासांचं मला नीट आठवतच नाही, म्हणजे वेगवेगळं आठवत नाही. बाहेर सगळं पांढरं, धुकं गवतावर बसलेलं, दर चार मिनिटांनी त्या धुक्यातून एका विमानाचं पोट खाली यायचं, दिवे लावून, आणि कपाटातले कप हळूच एकमेकांना लागायचे. तू बोलता बोलता थांबायचीस. विमान जायचं. मग तू वाक्य जिथे सोडलं होतंस तिथूनच उचलायचीस, जशी काही सुई विणकामातून काढलीच नव्हती. मला कधी कधी झोप लागायची, जाग आली तरी तू तेच वाक्य बोलत असायचीस. मी काही सोडलंय की नाही ते मला कधीच कळलं नाही.

आणि मी दार उघडलं की रोज, न चुकता, आतून तुझा आवाज. "क्यूदी ला पोर्ता, के एन्त्रा इल फ्रेद्द." पहिला महिनाभर मला वाटलं हा नमस्कार आहे. मी पण तेच म्हणायचो, मान झुकवून, दार सताड उघडं ठेवून. तू परत म्हणायचीस, मी परत म्हणायचो. मला वाटायचं काय प्रेमळ लोक आहेत हे, किती वेळा नमस्कार करतात. मग एकदा हॉटेलाशेजारच्या इटालियन पिझ्झावाल्याला मी रुबाबात तोच नमस्कार घातला. त्यानं निमूटपणे उठून दार लावलं. मग मला विचारलं, थंडी वाजते का? आणि हे असं बोलायला कुठे शिकलास, शेवटचं अक्षर गिळून? डोंगरातल्या म्हाताऱ्या बायका असं बोलतात. तेव्हा मला कळलं की तू रोज मला सांगत होतीस, दार लाव, थंडी आत येतेय.

तुझं सिनेमाचं मला दुसऱ्या वर्षी कळलं. तेही मी माझी फुशारकी मारत होतो म्हणून. मी म्हटलं, मावशी, मी पण सिनेमा लाइनमधला आहे. खरं होतं. तंबू टॉकीज. जत्रेत तंबू ठोकायचा, मधोमध पडदा, एका बाजूला बाप्ये, दुसऱ्या बाजूला बायका. मिसरूड फुटायच्या वयात मी तिथे रिळं उचलायला लागलो. एकदा ऐन रडायच्या सीनला आवाजाचं मशीन बंद पडलं. मालकानं भोंग्याचा माइक माझ्या हातात दिला, म्हणाला, तुला पाठ आहे ना, बोल. माझा आवाज तेव्हा फुटत होता. हिरोईन "नाथ" म्हणाली ती बाईच्या आवाजात आणि "मला सोडून जाऊ नका" म्हणाली ती रेड्याच्या. लोकांनी चपला फेकल्या. मी त्यातली एक जोडी वर्षभर वापरली.

मला वाटलं तू हसशील. तू हसली नाहीस. तू गॅस बंद केलास, खुर्ची ओढलीस आणि म्हणालीस, माझ्या तोंडात पण दुसरीच बाई बोलायची.

दुसरी मोठी लढाई संपून पाच-सहा वर्षं झालेली. तू रोमला आलीस, चार वर्षं राहिलीस, सात सिनेमे केलेस. एकात खिडकीत कपडे वाळत घालणारी शेजारीण. एकात पावाच्या रांगेतली चौथी बाई. एकात लग्नाच्या गर्दीत, पाठमोरी. तिकडे तेव्हा शूटिंगला आवाज घ्यायचेच नाहीत. नंतर एका खोलीत बसून भरायचे. तुझी बोली खेड्यातली, म्हणून तुझ्या तोंडात शहरातल्या एका बाईचा आवाज घालायचे. शूटिंगला तू काहीही बोललीस तरी चालायचं, ओठ हलले की झालं. एकात नर्स झालीस तेव्हा मरायला टेकलेल्या सैनिकाचा हात धरून तू तुझ्या आईची वांगी करायची पद्धत सांगत होतीस, तेल किती, लसूण कधी. थिएटरात त्याची प्रार्थना झाली. लोक रडले. तू पण रडलीस, पण तुला आई आठवली म्हणून.

मग सातवा. त्याच्यात तुला एक वाक्य होतं. एकच. आवाज भरायच्या दिवशी ती शहरातली बाई तापानं पडली, आणि तू विसरलेला कोट न्यायला म्हणून तिथे गेली होतीस. साउंडवाल्यानं तुला ओढून माइकसमोर उभं केलं. एकदा बोललीस. तो म्हणाला, बघू, जमलं तर ठेवू, नाहीतर ती बरी झाली की परत करू. त्याच महिन्यात तुझं लग्न. विमानांचा मेकॅनिक, उंच, लाजरा, तुला घेऊन इकडे आला. सिनेमा आठवडाभर चालला आणि डब्यात गेला. तो तू कधी पाहिलाच नाहीस.

म्हणजे पन्नास वर्षं तुला हे माहीत नव्हतं की त्या डब्यात तू आहेस की ती.

मी विचारलं, वाक्य काय होतं? तू म्हणालीस, नाही सांगणार. सांगितलं की तुझे कान तेच ऐकतील.

मी तुला पडद्याच्या दोन बाजूंचं सांगितलं होतं, आठवतं? मागच्या बाजूला बसलेल्यांना सगळं उलटं दिसायचं, उजव्या हातानं जेवणारा डावरा व्हायचा. तुला ते फार आवडलं. एक विमान जाऊ दिलंस. मग म्हणालीस, माझा सिनेमा तुझ्या तंबूत लागला असता तर अर्ध्या गावानं मला डाव्या हातानं सूप ढवळताना पाहिलं असतं. मला ते अजून स्वप्नात येतं. धुक्यात तंबू, धुक्यात पडदा, त्याच्यावर तू, आणि विमानं खाली येतायत पण आवाज नाही. मी कुठल्या बाजूला बसलोय ते कळत नाही.

आणि मग तो सिनेमा खरंच आला. उइटहॉर्नच्या फिल्म क्लबचे व्हिलेमकाका तुला कधी काळी डच शिकवायचे. शिकवून झालं नाही, मैत्री राहिली. त्यांनी इटलीच्या कुठल्या तरी संग्रहातून रिळं मागवली. एकच प्रिंट, गावोगाव फिरणार. मला म्हणाले, तुला रिळं कळतात, उचलायला ये. मी इस्त्रीचा शर्ट घातला. खिशात एक-दोन सेंटची सगळी चिल्लर भरली, आता दुकानात ती कुणी घेतही नव्हतं. कशासाठी ते तुला सांगितलं नाही. सरप्राइज.

चाळीस म्हातारी माणसं, हातात कॉफी, चर्चमध्ये बसल्यासारखी. माझ्या शेजारी तू, निळा स्कार्फ, तुझा हात माझ्या बाहीवर. अंधार झाला. किती तरी वेळ तू नव्हतीसच. मग एक स्वयंपाकघर, दार उघडतं, कुणी तरी माणूस दारात उभा, घरातले सगळे दगड झालेले. आणि चुलीपाशी पाठमोरी एक मुलगी. ती वळली.

मावशी, मी तुला ओळखलं. बावीस वर्षांची तू, पण भुवई तीच, मीठ कमी पडलं की जी वर जायची ती.

मी खुर्चीवर चढलो. दोन बोटं तोंडात घालून अशी शिट्टी मारली की जत्रेत पहिला नंबर आला असता. दोन्ही खिसे पडद्यावर रिकामे केले. आमच्याकडे पडद्यावर लाडकी बाई आली की हेच करतात, शिट्टी आणि चिल्लर, याच्यापेक्षा मोठा मान नाही. ती नाणी लाकडी जमिनीवर पडली आणि घरंगळत राहिली. इतका वेळ घरंगळली की मला वाटलं हा सपाट नेदरलँड्स खरं तर उताराचा देश आहे. पडद्यावर तुझे ओठ हलले. मग बंद झाले. मग तू परत चुलीकडे वळलीस. झालं. तेवढंच होतं.

तुझा हात माझ्या बाहीवर नव्हता.

दिवे लागल्यावर तू प्रत्येकाला विचारलंस. चाळीस माणसांना, एकेकाला, तुझ्या मोडक्या डचमध्ये. माझा आवाज होता का? सगळी भली माणसं, पण सगळ्यांनी खालची डच अक्षरं वाचली होती. आवाज कुणीच ऐकला नव्हता. व्हिलेमकाका मशीनपाशी होते, त्यांना मशीन ऐकू आलं. रीळ उलटं फिरवून परत लावायला त्यांना परवानगी नव्हती, प्रिंट जुनी, एका गावात एकदाच चालवायची. मी चिल्लर गोळा करत खुर्च्यांखाली रांगत होतो. तिथून बाहेर यावंसं वाटेना.

नऊ दिवस तू दारावरून ओरडली नाहीस. मी दार उघडायचो, मुद्दाम उघडं ठेवायचो, थंडी आत यायची आणि तू काहीच म्हणायची नाहीस. सूप झाकून ठेवलेलं असायचं. मी विनोद केले. तुला माहीत आहे मी काय करतो, चूक झाली की विनोद करतो, म्हणजे चूक दिसत नाही. म्हटलं, मावशी, मला तंबूत बसवायला हवं होतं, बांधून. म्हटलं, चपला फेक, मला नवी जोडी हवीच आहे. तू विणत राहिलीस.

दहाव्या दिवशी दार उघडलं आणि आतून आलं, क्यूदी ला पोर्ता. मी इतका खूश झालो की दार लावायचं विसरलो.

मग आपलं भांडण झालं, नीट, सूप पीत. मी म्हटलं, "आमच्याकडे शिट्टी म्हणजे मान असतो, मावशी."

तू म्हणालीस, "मान द्यायचा तर आधी ऐकावं लागतं, बालू."

मी म्हटलं, ऐकत बसलो असतो तर शिट्टी मारायची वेळ निघून गेली असती. तू म्हणालीस, हाच तुझा आजार आहे. मग विमान आलं, कप वाजले, आणि ते गेल्यावर तू खाली बघून म्हणालीस की सात सिनेमे केले, माझ्यासाठी शिट्टी कुणी मारली नव्हती. किती जोरात होती रे. असं म्हणून तू दुसऱ्यांदा वाढलंस. माफ केलंस की नाही ते मी विचारलं नाही. मी माफी पण मागितली नाही, नीट, हात जोडून, विनोद न करता. रोज वाटायचं उद्या मागू.

व्हिलेमकाकांनी सांगितलं, प्रिंट परत जायच्या आधी शेवटचा शो न्यूनेनला. तिकडे आइंडहोव्हनच्या बाजूला, ट्रेन आणि मग बस. मी दोन तिकिटं काढली. तू अट घातलीस, बालूनं स्वतःच्या हातांवर बसायचं, तोंडात लिमलेटची गोळी ठेवायची. मी म्हटलं दोन ठेवतो.

मग तुझा खोकला. हाउसआर्ट्स, म्हणजे इथला घरचा डॉक्टर, आला, तपासलं, पॅरासिटामॉल सांगितलं, आठवड्यानं परत आला आणि तडक हॉस्पिटल. मी तिथे तीनला यायचो, सवयीनं. शेवटच्या दिवशी तुझा आवाज विणकामाच्या दोऱ्याएवढा उरला होता. तू म्हणालीस, "तू जा. ऐक. मला सांग."

मी म्हटलं, कुठे फोन करू, मावशी? तू हसलीस, हसताना खोकलीस, आणि नर्सनं मला बाहेर काढलं. माझं तुझ्याशी शेवटचं बोलणं हा एक विनोद होता, तोही बरा नव्हता.

तुला निरोप द्यायला सतरा माणसं आली. इथल्या रीतीप्रमाणे कॉफी आणि केकचा एकेक तुकडा. मी दोन घेतले. दुसऱ्याबद्दल कुणी विचारलं तर तुझ्या नावचा म्हणून सांगणार होतो. कुणी विचारलं नाही.

त्यानंतर आठ दिवसांनी न्यूनेन. शांत गाव. तिथे विमानं नाहीत मावशी. मला ते विचित्रच वाटलं, कुठलंही वाक्य सुरू झालं की ते सरळ संपतच जातं. मी गोळ्या तोंडात ठेवल्या. हातांवर बसलो. खिसे रिकामे. शेजारी जॅकेट. अंधार झाला.

दार उघडलं. माणूस दारात. सुजाताताईंनी व्हिलेमकाकांकडून माझ्यासाठी सिनेमाची गोष्ट विचारून ठेवली होती, म्हणून आता माहीत होतं, तो लढाईवरून आलाय, सगळ्यांनी त्याला मेलेला धरलं होतं. आई दगड, बाप दगड, बायको दगड. काय बोलायचं कुणालाच कळत नाही. चुलीपाशी त्याची धाकटी मेहुणी, ती वळली. भुवई वर. मी श्वास पण घेतला नाही.

"क्यूदी ला पोर्ता, के एन्त्रा इल फ्रेद्द."

शेवटचं अक्षर गिळून.

मावशी, तूच आहेस. ती नाही, ती शहरातली बाई नाही, तू आहेस. या देशात, आणि तुझ्या देशात पण, दुसऱ्या कुणाला हे छातीवर हात ठेवून सांगता यायचं नाही. मी सांगू शकतो, कारण मी ते रोज दुपारी तीनला ऐकलंय, तीन वर्षं, नऊ दिवस सोडून. जरा बारीक आहे, जरा घाबरलेला आहे, पण तो तुझा आवाज आहे. त्यांनी ठेवला होता. पन्नास वर्षं तू त्या डब्यातच होतीस.

हॉलमध्ये कुणी तरी हळूच हसलं, कुणी नाक ओढलं. पडद्यावरच्या त्या माणसानं मागे वळून दार लावलं, आणि तेव्हा कुठे त्याची आई रडली. मी हातांवर बसून होतो. हात बधिर झाले होते. शिट्टी आली होती तोंडापर्यंत, खरं सांगतो, मी ती गोळीबरोबर गिळली.

माफ कर, मावशी. हे विनोद न करता म्हणतोय. सुजाताताई, हे असंच राहू दे.

दुसऱ्या दिवशी दुपारी तीनला मी सायकल लावली आणि बाडहूव्हडॉर्पचं दार उघडलं. स्वयंपाकघरात कुणी नाही. खुर्ची तशीच, विणकाम तसंच, सुई आत. मी दार उघडं ठेवून उभा राहिलो. थंडी आत आली, मग धुकं आलं, पायांशी, जिन्याशी. एक विमान गेलं, कप वाजले. मी ते जाईपर्यंत थांबलो, न जाणो, तू वाक्य अर्धवट सोडलं असशील. दुसरं विमान गेलं.

मग मीच म्हटलं, तुझ्यासारखं, शेवटचं अक्षर गिळून. आणि दार लावलं.